दाशीचा धडा

क्योतो शहराच्या मध्यभागीं निशिकी नांवाचा एक अरुंद बाजार आहे. वर छप्पर, दोहों बाजूंस दुकानें, आणि मधून दोन माणसांनीं एकमेकांस वाट देत देत चालावें एवढीच जागा. लोणचीं, तोफू, चहा, सुकी मासळी, ताजी मासळी असें सर्व कांहीं तेथें मिळतें. सुऱ्या विकणारें एक दुकान तर आपलें घराणें १५६० सालापासून चालत आल्याचें सांगतें. म्हणजे शिवछत्रपतींच्या जन्मापूर्वीं सत्तर वर्षें हीं माणसें पोलादाला धार लावीत होतीं. ह्या बाजारापासून थोड्याच अंतरावर, एका जुन्या लांकडी घराच्या स्वयंपाकघरांत, गेल्या कार्तिक महिन्यांत एके दिवशीं सकाळीं मी अंगांत पांढरा झगा घालून आणि हातांत दोन लांब काड्या घेऊन उभा होतों. जपान पाहावयास गेलेल्या माणसानें देवळें पाहावीं, बागा पाहाव्या. तो चुलीपाशीं कां उभा राहिला, असा प्रश्न श्रोत्यांच्या मनांत येणें साहजिक आहे. माझ्या घरच्या मंडळींच्या मनांतहि तो आला होता, कारण स्वतःच्या घरीं मी चहाच्या पलीकडे कधीं गेलेलों नाहीं.

क्योतो, तोक्यो, ओसाका ह्या शहरांतून अशा वर्गांचा आतां मोठा व्यवहार झालेला आहे. तीन तास, आठदहा परदेशी पाहुणे, एक शिक्षिका, चार पदार्थ, आणि शेवटीं आपण केलेलें आपणच बसून जेवावयाचें. आमच्या वर्गांत आठ जण होते. ऑस्ट्रेलियांतील एक जोडपें, दोन जर्मन मुली, सिंगापूरच्या तीन मैत्रिणी आणि मी. शिक्षिका पासष्टीच्या घरांतील, लहान चणीच्या, बोलण्यांत मृदु आणि कामांत कडक. त्यांना सर्वजण 'सेन्सेई' म्हणत. आपल्या शाळांतील 'बाई' ह्या शब्दांत जो आदर आणि जो धाक असतो तोच त्या शब्दांत आहे, म्हणून मीहि येथें त्यांना बाईच म्हणतों.

पहिला धडा दाशीचा. हा शब्द आपल्याकडे फारसा कोणाच्या कानांवर आलेला नसेल, म्हणून थोडा खुलासा करतों. दाशी म्हणजे आपलें सार नव्हे आणि कटहि नव्हे. तें एक निवळ, फिकट पिवळसर पाणी असतें. त्यांत तेल नाहीं, तूप नाहीं, मसाला नाहीं. पण मिसोची आमटी करा, मुळा शिजवा, कीं अंड्याची गुंडाळी करा, ह्या पाण्यावांचून जपानी स्वयंपाक पुढें सरकत नाहीं. आपल्याकडे जो मान फोडणीचा, तो तिकडे ह्या पाण्याचा. नेहमींची रीत दोन जिनसांची. एक, कोंबू नांवाची समुद्रांतील वनस्पति. आणि दुसरा, कात्सुओ नांवाचा मासा उकडून, धुरावर सुकवून, लांकडासारखा कठीण झाल्यावर रंध्यानें तासून काढलेले त्याचे कागदासारखे पापुद्रे. मी शाकाहारी; तेव्हां बाईंनीं माझ्यासाठीं दुसरें पातेलें मांडलें. त्यांत कोंबू आणि रात्रभर थंड पाण्यांत भिजविलेलीं वाळकीं अळंबीं. ही देवळांतली रीत, असें त्या म्हणाल्या.

कोंबूची पट्टी त्यांनीं प्रथम आमच्या हातीं दिली. काळसर हिरवी, चामड्यासारखी चिवट, आणि अंगावर पांढरी भुकटी. ती भुकटी पाहून मी पट्टी नळाखालीं धरणार, तोंच बाईंनीं माझें मनगट धरलें. ती घाण नव्हे, त्या वनस्पतींतूनच वर आलेला गोडवा आहे. पिळलेल्या ओल्या फडक्यानें ती पट्टी नुसती पुसावयाची. ही पट्टी आली होती रिशिरी बेटावरून. रिशिरी हें होक्काइदोच्या अगदीं उत्तर टोंकाजवळ, क्योतोपासून हजार किलोमीटरांहून अधिक दूर. आणि क्योतो तर समुद्रकांठ नसलेलें शहर. त्या शहरानें आपल्या सर्व स्वयंपाकाचा पाया इतक्या दूरच्या पाण्यांत कां घातला?

ह्याचें उत्तर जहाजांत आहे. १६७२ सालीं कावामुरा झुइकेन नांवाच्या व्यापाऱ्यानें सरकारी तांदूळ एदोस, म्हणजे आजच्या तोक्योस, पोंचविण्यासाठीं जपानच्या पश्चिम किनाऱ्यानें जाणारा जलमार्ग नीट बसवून दिला. पुढें अठराव्या व एकोणिसाव्या शतकांत त्याच मार्गानें 'कितामाएबुने' नांवाचीं व्यापारी जहाजें चालूं लागलीं. तीं नुसतीं भाड्याचीं गलबतें नव्हतीं. बंदराबंदरांत माल घ्यावा आणि पुढच्या बंदरांत विकावा असा त्यांचा धंदा. उत्तरेस जातांना तांदूळ, मीठ, कापड; परततांना हेरिंग मासे, शेतांसाठीं माशांचें खत, आणि कोंबूचे भारे. हा कोंबू त्सुरुगा बंदरांत उतरे, तेथून जमिनीनें व बिवा सरोवरांतून होड्यांनीं क्योतोस येई. त्सुरुगाच्या वखारींत कोंबू एकदोन हिवाळे मुरवून ठेवण्याची चाल पडली. मुरल्यावर त्याचा खारा वास जातो व चव खोल होते. क्योतोचें पाणी मृदु, आणि जड पाण्यापेक्षां मृदु पाण्यांत कोंबूची चव चांगली उतरते. ओसाकांत पोंचलेला कोंबू तर तेथेंहि थांबला नाहीं. सात्सुमा प्रांताच्या व्यापाऱ्यांनीं तो र्‍युक्यू बेटांवरून चीनपर्यंत नेला. त्या बेटांच्या, म्हणजे आजच्या ओकिनावाच्या, समुद्रांत कोंबू मुळींच उगवत नाहीं. पण तेथल्या स्वयंपाकांत तो आजहि आहे. जुन्या व्यापाराची एवढी चवदार निशाणी दुसरी क्वचितच सांपडेल.

असो. कृति ऐकावयास सोपी होती. एक लिटर पाण्यास दहा ग्रॅम कोंबू. पाणी साठ अंशांवर आणावें, तेथेंच एक तास राखावें, आणि उकळी येण्यापूर्वीं पट्टी काढून घ्यावी. प्रत्येक पातेल्यांत बाईंनीं एकेक उष्णतामापक लावून दिला होता. मध्यंतरीं मुळा कापण्याचा धडा सुरू झाला. सुरी पुढें ढकलावयाची कीं मागें ओढावयाची ह्या विचारांत मी इतका गढून गेलों कीं पातेल्याकडे पाठ झाली. मागें वळून पाहतों तों पाणी खदखदत होतें आणि पट्टी फुगून वर आली होती.

मला वाटलें, बाई तें पाणी ओतून टाकतील. त्यांनीं तसें केलें नाहीं. त्यांनीं सोळा लहान वाट्या मांडल्या, आठांत चांगली दाशी ओतली आणि आठांत माझी. मग सर्वांना दोन्ही चाखावयास सांगितलें. चांगल्या दाशीची चव सांगणें कठीण आहे. ती जिभेवर ओरडत नाहीं, पण घोट गिळल्यानंतर तोंडांत कांहीं वेळ राहते. माझ्या दाशींत एक बुळबुळीतपणा होता आणि ओहोटीच्या वेळीं खडकांवर येतो तसला वास. जर्मन मुलींपैकीं एक हंसली. मला लाज वाटली हें कबूल केलें पाहिजे.

मग बाईंनीं सावकाश इंग्रजींत एक हकीकत सांगितली. त्यांच्या आईनें त्यांना स्वयंपाकांतलें कधींहि कांहीं समजावून सांगितलें नाहीं. तेरा वर्षांच्या असतांना त्यांच्या हातून असाच कोंबू उकळला. आई बोलली नाहीं. तिनें त्याच पाण्याची आमटी केली आणि वडिलांच्या पुढें ठेवली. वडिलांनीं ती निमूटपणें प्यायली. त्यानंतर आपल्या हातून पुन्हां कधीं कोंबू उकळला नाहीं, असें बाई म्हणाल्या. आणि उष्णतामापकाकडे बोट करून त्यांनीं पुढें म्हटलें, "हें माझ्या घरीं नाहीं. तुम्ही उद्यां जाणार, म्हणून तुमच्यासाठीं आणलें आहे."

बाईंचें तें वाक्य मी नंतर पुष्कळ दिवस मनांत घोळवीत होतों. जो राहतो त्याला मापाची गरज नसते. जो जाणार आहे त्याच्या हातांत माप द्यावें लागतें. जपानी स्वयंपाक कोणी कोणास कसा शिकविला ह्याचा इतिहास मी परत आल्यावर वाचूं लागलों, तेव्हां हें एकच सूत्र मला ठिकठिकाणीं दिसूं लागलें.

आरंभीं शिकविणें म्हणजे जवळजवळ लपविणेंच होतें. क्योतोच्या दरबारांत नवव्या शतकांत फुजिवारा नो यामाकागे नांवाचा एक सरदार होऊन गेला. पाककलेच्या शिजो संप्रदायाचे लोक त्याला आपला मूळपुरुष मानतात. ह्या संप्रदायाचा एक विधि अद्यापहि पाहावयास मिळतो. दरबारी पोषाखांतला आचारी एका हातांत लांब सुरी आणि दुसऱ्या हातांत धातूच्या काड्या घेऊन, बोटाचा स्पर्शहि न करतां, मोठा मासा कापून त्याची मांडणी करतो. हा स्वयंपाक नव्हे, हा सोहळा. १४८९ सालचा त्या संप्रदायाचा एक लेख उपलब्ध आहे. पण असले ग्रंथ घराण्यांत आणि शिष्यांत फिरत, बाजारांत नव्हे. मोठ्या खाणावळींतल्या आचाऱ्यांचीहि तीच तऱ्हा. उमेदवारानें वर्षानुवर्षें भांडीं घासावीं, भाज्या निवडाव्या, आणि उस्तादाचा हात चालतांना डोळ्यांनीं पाहून विद्या 'चोरावी', असा जपानी भाषेंत वाक्प्रचारच आहे. आपल्याकडील गवयांच्या घराण्यांतून ऐकूं येणाऱ्या गोष्टी ज्यांना ठाऊक आहेत त्यांना ह्यांत नवल वाटणार नाहीं.

मठांतली गोष्ट मात्र निराळी होती. माझ्या पातेल्यांतल्या अळंब्यांचा संबंध येथें येतो. १२२३ सालीं दोगेन नांवाचा तेवीस वर्षांचा जपानी भिक्षु धर्मशिक्षणासाठीं चीनला गेला. त्याचें जहाज आजच्या निंगबो बंदरांत उभें असतां एकसष्ट वर्षांचा एक चिनी भिक्षु जपानी अळंबीं विकत घेण्यासाठीं जहाजावर आला. तो जवळच्या एका मठाचा मुख्य आचारी होता. दुसऱ्या दिवशीं सणाचें जेवण, आणि शेवयांच्या सारासाठीं त्याला हा जिन्नस पाहिजे होता. त्यासाठीं तो सुमारें सहा कोस चालून आला होता. ह्या मठाचें नांव 'आयुवांग', म्हणजे अशोक राजा. आपल्या सम्राट् अशोकानें चौऱ्यांशी हजार स्तूप उभारले अशी जी कथा आहे, त्यांतील एक त्या डोंगरावर प्रकट झाला अशी तेथील श्रद्धा, म्हणून तें नांव. दोगेननें त्या वृद्धाला रात्रीं राहण्याचा आग्रह केला. तो म्हणाला, मी येथें राहिलों तर उद्यांचें जेवण बिघडेल. दोगेननें विचारलें, एवढ्या वयांत ध्यान आणि ग्रंथवाचन सोडून हा चुलीचा व्याप कशाला? ह्यावर तो म्हातारा मोठ्यानें हंसला आणि म्हणाला कीं ह्या परदेशी मुलाला साधना म्हणजे काय हें अजून कळलेलें नाहीं.

ही हकीकत दोगेननें स्वतः लिहून ठेवली आहे. परत आल्यावर १२३७ सालीं त्यानें मठाच्या आचाऱ्याला उपदेश करणारी 'तेन्झो क्योकुन' नांवाची एक छोटी पोथी लिहिली. तांदूळ कसे धुवावे, खडे कसे निवडावे, धुवणाचें पाणी उगाच कां फेंकूं नये, हें त्यांत सांगितलें आहे. मात्र मीठ किती आणि पाणी किती हें शोधूं गेल्यास हातीं कांहीं लागत नाहीं. वाचणारा मठांतच राहणार होता. माप त्याला भांड्यापाशीं मिळालें असतें.

छापील पाकपुस्तकांचा काळ एदोच्या राजवटींत आला. १६४३ सालचें 'र्‍योरी मोनोगातारी' हें त्यांतलें आद्य. त्यांत कात्सुओची दाशी आहे. १७८२ सालीं ओसाकांत निघालेल्या एका पुस्तकांत तर एकट्या तोफूचे शंभर प्रकार दिले आणि तें इतकें खपलें कीं पुढील वर्षीं दुसरा भाग काढावा लागला. पण हीं पुस्तकें बहुधा शौकिनांनीं गादीवर लोडाला टेकून वाचण्याचीं. त्यांवरून कोणी पातेलें चढवीत असेल असें मला वाटत नाहीं.

खरी उलथापालथ झाली ती मेइजी काळांत. सातव्या शतकापासून, म्हणजे ६७५ सालच्या तेन्मु सम्राटाच्या आज्ञेपासून, गाईबैलांचें मांस ह्या ना त्या रूपानें वर्ज्य मानलें गेलें होतें. १८७२ च्या आरंभीं सम्राट् मेइजीनें गोमांस खाल्ल्याचें जाहीर झालें. त्याच वर्षीं तोक्योंत पाश्चात्य स्वयंपाकाचीं दोन पुस्तकें निघालीं. आतां एक विचित्र अडचण उभी राहिली. आईला जें येत नाहीं तें मुलीनें आईच्या पाठीशीं उभें राहून कसें शिकावें? १८८२ सालीं आकाबोरी मिनेकिचि ह्या गृहस्थानें तोक्योच्या निहोन्बाशी भागांत स्वयंपाकाचा वर्ग काढला. घरांतल्या स्त्रियांसाठीं निघालेली ही जपानमधील पहिली पाकशाळा समजली जाते. तिजोरींत ठेवलेली विद्या फी भरणाऱ्या कोणाहि गृहिणीस मिळूं लागली. माझ्या अंगांत जो पांढरा झगा होता, किमोनोच्या लांब बाह्या आंत जातील अशा रुंद बाह्यांचा, तोहि ह्याच शाळेंत विसाव्या शतकाच्या आरंभीं विद्यार्थिनींसाठीं तयार झाला. आज त्याला 'काप्पोगी' म्हणतात आणि जपानी आईचें चित्र काढावयाचें म्हणजे तो झगा काढावाच लागतो. १८९९ सालीं मुलींच्या माध्यमिक शाळांचा कायदा झाला आणि गृहशास्त्र शाळांतून शिरलें. १९०३ सालीं तर मुराइ गेन्साइ ह्या लेखकाची 'कुइदोराकु' ही कादंबरी एका वृत्तपत्रांत क्रमशः प्रसिद्ध झाली. तिच्या पानोपानीं पाककृति आहेत, आणि लोकांनीं ती डोक्यावर घेतली.

शाळा आणि पुस्तक ह्यांनीं काय साधतें आणि काय साधत नाहीं ह्याचें एक उदाहरण आपल्या जिव्हाळ्याचें आहे. १८७२ च्या त्या दोन पुस्तकांपैकीं एकांत 'करी' आहे. ती इंग्रजांच्या मार्फत जपानला पोंचलेली. तींत कांदापात, आलें, लसूण, लोणी आणि कोंबडी आहे. त्याशिवाय झिंगे, कालवें, आणि तांबडा बेडूकहि आहे! लिहिणारानें हिंदुस्थानी स्वयंपाक डोळ्यांनीं पाहिला नव्हता आणि वाचणारानेंहि नव्हता. बेडकाला हरकत घेणार कोण? पुढें बेडूक गेला. नौदलाच्या १९०८ सालच्या पाकपुस्तकांत करी-भात आला, आणि पिठानें दाट केलेली ती करी घरोघर पोंचली.

मग १९१५ सालीं रासबिहारी बोस जपानला आले. १९१२ सालीं दिल्लींत व्हाइसरॉय हार्डिंग ह्यांच्यावर झालेल्या बॉम्बहल्ल्यांतले हे क्रांतिकारक. जपान सरकारनें त्यांना देश सोडण्याचा हुकूम केला, तेव्हां शिंजुकु भागांतील नाकामुराया ह्या पावरोटीच्या दुकानाचे मालक सोमा ऐझो आणि त्यांच्या पत्नी कोक्को ह्यांनीं त्यांना दुकानाच्या मागील इमारतींत लपवून ठेवलें. १९१८ सालीं बोस ह्यांचा विवाह ह्या दांपत्याची कन्या तोशिको हिच्याशीं झाला. १९२५ सालीं ती वारली. दोन वर्षांनीं, १९२७ सालीं, नाकामुरायानें दुकानाला जोडून उपाहारगृह काढलें आणि त्यांत जांवयानें शिकविलेली हिंदुस्थानी पद्धतीची करी ठेवली. पीठ लावलेली विलायती करी ही आपल्या देशाची करी नव्हे, हें बोस ह्यांचें म्हणणें होतें. इतरत्र करी-भात दहाबारा सेनला मिळत असतां हिची किंमत ८० सेन होती, तरी लोक येत. पुस्तकाला जें पंचावन्न वर्षांत जमलें नाहीं तें भांड्याशेजारीं उभें राहून चाखणाऱ्या एका घरच्या माणसानें केलें. रासबिहारी १९४५ च्या जानेवारींत तोक्योंत वारले. त्यांनीं स्वतंत्र हिंदुस्थान पाहिला नाहीं. नाकामुरायाची करी अजून आहे. मी हें वर्गांत सांगितलें तेव्हां बाई म्हणाल्या, करी मला ठाऊक होती, जांवई ठाऊक नव्हता.

दाशीकडे परत येतों. आईनें बाईंना जें सांगितलें नाहीं तें, म्हणजे ह्या पाण्याला चव कां येते तें, इकेदा किकुनाए ह्या रसायनशास्त्रज्ञानें १९०८ सालीं शोधून काढलें. तोक्यो विद्यापीठांतले हे प्राध्यापक. त्यांनीं कोंबूपासून ग्लुटामिक आम्ल वेगळें केलें आणि गोड, आंबट, खारट, कडू ह्यांहून निराळ्या ह्या चवीला 'उमामी' असें नांव दिलें. १९१३ सालीं कोदामा शिन्तारो ह्यांनीं कात्सुओंतलें द्रव्य ओळखलें, आणि १९५७ सालीं कुनिनाका आकिरा ह्यांनीं अळंब्यांतलें. हीं द्रव्यें एकत्र आलीं म्हणजे चव बेरजेनें न वाढतां पटींनीं वाढते हेंहि दिसून आलें. म्हणजे मठांतल्या आचाऱ्यांनीं कोंबूच्या जोडीला अळंबीं घातलीं तीं उगाच नव्हेत. परंतु त्याच शोधांतून १९०९ सालीं इकेदांच्या द्रव्याची पूड बाजारांत आली, आणि १९७० च्या सुमारास दाशीची तयार भुकटीहि आली. जिनें दाशीचें मर्म सांगितलें त्याच विद्येनें दाशी करण्याचें कारण काढून घेतलें.

मापाचा प्रश्न सोडविला तो एका स्त्रीनें. कागावा आया ह्या १८९९ सालीं जन्मलेल्या डॉक्टरीणबाई. तोक्यो विद्यापीठांत प्राध्यापक शिमाझोनो ह्यांच्या हाताखालीं त्यांनीं बेरीबेरी ह्या रोगावर काम केलें. सडलेल्या पांढऱ्या तांदुळावर जगणाऱ्या जपानांत हा रोग फार जीव घेई. रोग जेवणांत आहे, तर उपायहि जेवणांतच पाहिजे, आणि तो घरोघर पोंचला पाहिजे. १९३३ सालीं त्यांनीं व त्यांच्या पतीनीं एक अभ्यासमंडळ काढलें, १९३५ सालीं मासिक सुरू केलें. नामांकित आचाऱ्यांना बोलवावें, ते अंदाजानें हात चालवीत असतां त्यांनीं घेतलेलें मीठ, साखर, पाणी तोलावें, वेळ मोजावी, आणि तें सर्व कार्डावर छापून वाचकांस द्यावें, हा त्यांचा उद्योग. चोरून शिकण्याच्या परंपरेंत उघड्यावर तराजू घेऊन बसलेली ही पहिली चोर म्हणावी काय? १९४८ सालीं, युद्धानंतरच्या उपासमारीच्या दिवसांत, त्यांनीं २०० मिलिलिटरचा पेला आणि १५ व ५ मिलिलिटरचे चमचे रूढ केले. आज जपानांतील बहुतेक प्रत्येक पाककृति त्या मापांत लिहिलेली असते. तांदूळ मात्र अद्याप जुन्या 'गो' मापानें, म्हणजे १८० मिलिलिटरनें, मोजतात. बाईंच्या ओट्यावर दोन्ही पेले शेजारीं शेजारीं होते, आणि सिंगापूरच्या मुलींनीं त्यांची अदलाबदल केल्यामुळें आमचा भात थोडा फडफडीत झाला. त्या दिवशीं चुकणारा मी एकटा नव्हतों.

जेवतांना मीं बाईंना विचारलें, आपल्या शेजारच्या मुली ह्या वर्गाला येतात काय? त्या म्हणाल्या, क्वचित्. बहुतेक घरीं दाशी पुडींतून येते. माझ्या मुलीच्या घरींसुद्धां. २०१३ च्या डिसेंबरांत युनेस्कोनें 'वाशोकु', म्हणजे जपानी भोजनपद्धति, मानवजातीच्या वारशांत नोंदविली, त्यानंतर परदेशी पाहुण्यांची गर्दी वाढली. मुलीला आपण शिकविलें नाहीं कां, असें मी विचारणार होतों. पण तें शोभलें नसतें. त्याच आपण होऊन म्हणाल्या, "मी माझ्या आईसारखीच गप्प राहिलें. आणि ती पाहायला थांबली नाहीं." मग त्यांनीं माझी वाटी भरली आणि प्रत्येकाला एकेक छापील कार्ड दिलें. दहा ग्रॅम, एक लिटर, साठ अंश, एक तास.

पुण्यास आल्यावर एके सकाळीं मीं विकत आणलेला उष्णतामापक पातेल्यांत सोडून दाशी मांडली. आई शेजारीं येऊन उभी राहिली. तिनें आपलें बोट त्या पाण्यांत घालण्यासाठीं पुढें केलें आणि विचारलें, "विरजण लावतोस का रे? ह्याला भारी कढत आहे." मीं तिला सर्व सांगितलें. दाशीची चव तिला फारशी पसंत पडली नाहीं. समुद्राचा वास येतो, म्हणाली. पण संध्याकाळीं ती विरजणासाठीं दुधांत बोट घालून 'आतां बरोबर' असें म्हणतांच मीं तेथेंच उष्णतामापक बुडविला. त्रेचाळीस. दुसऱ्या दिवशीं बेचाळीस, तिसऱ्या दिवशीं पुन्हां त्रेचाळीस. हे आकडे मीं वहींत लिहून ठेवले. चौथ्या दिवशीं सेहेचाळीस आला. मीं म्हटलें, आज चुकलें वाटतें. ती पातेल्यावर झाकण ठेवीत म्हणाली, "अरे, आज बाहेर गारठा नाहीं का?" मग तिनें तें पातेलें एका जुन्या टॉवेलांत गुंडाळलें, आणि तो टॉवेल कोणता घ्यावयाचा हेंहि मीं वहींत लिहून घेतलें.